अर्धचंद्राची टंचाई

४ जुलै १९६५, रविवार. सकाळी ९.
आजपासून मी रॉक संगीताचा पत्रकार आहे. डिसिजन पक्का. मुंबईच्या एका इंग्रजी साप्ताहिकाला पाश्चात्य संगीतावर लिहिणारा माणूस हवा आहे. अट एकच : स्वतः संपादन केलेल्या मासिकाचे तीन अंक ३१ ऑक्टोबरच्या आत पोचले पाहिजेत. माझे मासिक नाही. म्हणजे अडचण तेवढीच आहे.
नाव ठरले : 'रॉकतरंग'.

त्याच दिवशी, दुपारी.
सौ. प्रमिलाला सांगितले. मुंबईत नळाला पाणी किती वेळ असते, एवढेच तिने विचारले. मग तिने आपल्या दोन्ही बहिणींना कार्डे टाकली, की आम्ही दिवाळीनंतर मुंबईला चाललो. मी म्हटले, थोडे थांबायचे. म्हणाली, कार्डे पेटीत पडली, "आते मांगे फिरानं नही." मलाही फिरायचे नाहीच.

११ जुलै.
रेडिओ सिलोन लावले. ट्रान्झिस्टर सौ.च्या माहेरचा आहे, पण कान माझे आहेत. पहिली समीक्षा लिहून काढली. गायक वारंवार 'ये, ये' अशी आर्त हाक मारतो आणि ती काही येत नाही. आपली मराठी कुठवर पोचली आहे! साथीला एक नवे वाद्य होते, सतत खरखर करणारे. त्यावर दीड पान खर्च केले.

१३ जुलै.
ट्रान्झिस्टरचे सेल बदलले. ते वाद्य गेले. समीक्षा तशीच ठेवली आहे. पत्रकाराने मत बदलू नये.

२२ जुलै.
प्रेसमध्ये गेलो. सगळा प्रेस धुडकू नावाचा एकटा कंपॉझिटर चालवतो. लेख पाहून त्याने डोक्याला हात लावला. 'रॉक' जुळवायला 'रा'वर अर्धचंद्राचा खिळा लागतो आणि माझ्या लेखात 'रॉक' एकशे बारा वेळा आहे. "मन्हाजोडे चारच अर्धचंद्र शेतस, भाऊ. बाकीना झिजी ग्यात."
तोडगा मी काढला. अर्धचंद्र कव्हरवर. आत 'राक'. सुज्ञ वाचक समजून घेईल.
घरी सौ.ला सांगितले की अर्धचंद्र मिळाले की मुंबई गाठलीच समज. अर्धचंद्र म्हणजे काय ते तिने विचारले नाही. मोठ्या कामात ती नाक खुपसत नाही, हा तिचा गुण.

५ ऑगस्ट.
पहिला अंक निघाला. मी कापसाच्या ज्या जिनमध्ये क्लार्क आहे तिचे मालक चुनीलाल शेठ यांनी चष्मा वर-खाली करून दोन पाने वाचली आणि राक्षसांची पोथी आहे का म्हणून विचारले. मी म्हटले, एका अर्थी.
राजीनामा लिहून खिशात ठेवला. फक्त तारीख टाकायची आहे.
संकल्प : रोज एक तास इंग्रजी शब्दकोश. उद्यापासून.

४ सप्टेंबर.
दुसरा अंक. जिनमधला हमाल उदेसिंग डोंगरातल्या काठी गावाकडचा. त्याला वाचता येत नाही म्हणून मीच वाचून दाखवला. तो म्हणाला, आमच्या होळीतही असेच असते. ढोल रात्रभर वाजतो, माणूस नाचायचे थांबत नाही आणि गाण्यातले शब्द कोणी ऐकत नाही. रॉक म्हणजे तसे नव्हे, हे मी त्याला अर्धा तास समजावले. त्याने सगळे ऐकून घेतले आणि गाठी उचलायला गेला. बिचाऱ्याच्या कानावर कधी चांगले संगीत पडलेलेच नाही.
शब्दकोश अजून 'A' वर आहे.

२० सप्टेंबर.
लढाईमुळे गावात रॉकेल नाही. मी राजकारणात पडत नाही. सौ.ने एक बाटली दिवाळीसाठी कोठीमागे लपवून ठेवली आहे आणि ती मला दिसलेली नाही अशी तिची समजूत आहे.
आनंदाची बातमी : धुडकूने धुळ्याहून अर्धचंद्राचे खिळे मागवले, मूठभर! रॉकेलवाटपाच्या नोटिसा रोज छापाव्या लागतात, चारात भागत नव्हते. देशावरच्या संकटाचाही कलेला असा उपयोग होतो.

१ ऑक्टोबर.
तिसरा अंक हा महाविशेषांक. अग्रलेखात जाहीर निमंत्रण दिले : 'रॉक आता थांबणार नाही. कोरीटपासून अक्कलकुव्यापर्यंत घराघरांत रॉक पोचवण्याचा आमचा निर्धार आहे. रविवार ता. १७ रोजी सायंकाळी पाच वाजता संपादकांच्या घरी सर्वांना मनसोक्त रॉक मिळेल. मोफत. बायकामुलांसह यावे.' वाचताना माझ्याच अंगावर काटा आला.
प्रूफ वाचणार नाही. संपादकाने प्रूफ वाचणे म्हणजे शेठने स्वतः गाठी उचलणे.

१२ ऑक्टोबर.
अंक बाहेर पडला आणि दुपारपर्यंत एकही उरला नाही. एकही! मुंबईची प्रत धुडकूनेच पाकिटात घालून दिली, ती तशीच पोस्टात टाकली. अनोळखी माणसे नमस्कार करतात. एक म्हातारा पायाच पडला. अक्कलकुव्याहून एक जण खास एस्टीने आला, रविवारचे नक्की ना एवढेच विचारायला. मी म्हटले, अंकातल्या शब्दाशब्दाला मी जबाबदार आहे.
लोकांना टेस्ट नाही असे मी दुसऱ्या अंकात लिहिले होते. ते वाक्य मागे घेतो.
राजीनाम्यावर तारीख टाकली. शेठच्या हातात दिला.

१७ ऑक्टोबर, रविवार. दुपारी ४.
अंगण भरले. गल्ली भरली. साधारण दोनशे रसिक. बहुतेकांनी डबे आणले आहेत, काहींनी बाटल्या. बहुधा ताल धरायला. इंग्लंडात असेच वेडे होतात म्हणे.

त्याच दिवशी, सायंकाळी ६.३०.
जे घडले ते क्रमाने लिहितो.
पाचला ट्रान्झिस्टर ओट्यावर ठेवून सिलोन लावले. वीस मिनिटे कोणी हूं की चूं केले नाही. इतके एकाग्र श्रोते मी पाहिले नव्हते. मग कोरीटहून पायी आलेली तापीबाई नावाची म्हातारी पुढे आली आणि तिने विचारले, "हाई गानं सरनं का भाऊ? आते रॉकेल भेटी ना?"
मी हसलो. कोणी हसले नाही. एकाने अंक उघडून माझ्या नाकासमोर धरला. 'सर्वांना मनसोक्त रॉकेल मिळेल. मोफत.' मी पाने उलटली. एकशे बाराच्या जागी या वेळी दीडशे वेळा होते. प्रत्येक अर्धचंद्र जागच्या जागी होता. रॉकेलचा जन्म अमेरिकेतला. रॉकेल अंगात भिनते. रॉकेलने तरुण पिढी पेटली आहे.
मग लोकांनी डबे वाजवायला सुरुवात केली. गल्लीभर. ताल बरा होता. मी आत जाऊन दाराला कडी लावली.
कडी सौ.ने काढली. मी खिडकीतून पाहिले. तिने कोठीमागची बाटली काढली आणि ओट्यावर बसून तापीबाईच्या डब्यात ओतली. मग पुढच्या बाईच्या, मग आणखी एकीच्या. बाटली संपल्यावर पालथी करून सगळ्यांना दाखवली. लोक हळूहळू गेले.
मला लाज वाटली. लाज जाईल.

१८ ऑक्टोबर.
धुडकूचा खुलासा : महिनाभर तो रॉकेलच्याच नोटिसा जुळवत होता. "तुम्ही घाईमा अर्धाच शब्द लिखेल व्हता भाऊ. मी पुरा करी टाका." वर म्हणाला, जादा जुळणीचे काही घेणार नाही.
जिनमध्ये गेलो. शेठने राजीनाम्याच्या कोऱ्या बाजूवर सरकीची वजने लिहिली होती. म्हणाले, दुसरी बाजू वाचायला वेळ मिळाला नाही, कापसाच्या गाड्या आल्यात, वजनकाट्यावर बस. माझ्यावाचून त्यांचे चालत नाही, हे सिद्ध झाले. काट्यावर बसलो.
मुंबईवाले चुका छपाईच्या धरतील. विचार पाहतील.

२४ ऑक्टोबर. लक्ष्मीपूजन.
ओट्यावर तेलाच्या चार पणत्या लावल्या. आत कंदील पेटला नाही. सौ. म्हणाली, मुंबईत बटण असते ना. मी म्हटले, घरोघर.

६ नोव्हेंबर, शनिवार. दुपारी २.
मुंबईचे पत्र आले. इंग्रजीत, टाइप केलेले, तीन ओळी. अंकांबद्दल आभार. आम्हाला संगीतावर लिहिणारा हवा होता, इंधनावर नव्हे. यापुढे कृपया अंक पाठवू नयेत.
पत्र दोनदा वाचले. शब्दकोशाची गरज पडली नाही.

त्याच दिवशी, सायंकाळी ५.३०.
आज गावात रॉकेल आले. रांगेत एकाने मला ओळखले, संपादक म्हणाला आणि सगळ्यांनी बाजूला होऊन मला पुढे जाऊ दिले. डबा भरून घरी आलो.
सौ. कंदिलाची काच पुसत होती. हातात महाविशेषांकाचे पान. कागद चांगला आहे, काच लख्ख निघते, म्हणाली. मग सहज विचारले, मुंबईचे काय झाले? बहिणी पत्ता विचारताहेत.
चार महिने मुंबईचे जे सहज सांगत आलो ते आज जमेना. शेवटी भिंतीकडे बघत म्हटले, अर्धचंद्र मिळाला.
ती इतकी खूश झाली की हातातली काच पडता पडता राहिली. "भेटना का एकदाना!" म्हणाली. "कितला?"
एकच, म्हटले. पुरेल.