कडांचा रंग

अण्णा, हल्ली लाकडाचा रंग आणि वरचं पॉलियुरेथेन एकाच डब्यात मिळतं. तुम्हाला ते पटलं नसतं. शिवाजीनगरच्या आपल्या दुकानात आधी रंग, तो वाळला की लाखेच्या पॉलिशचे हात, आणि प्रत्येक हातानंतर पॉलिश पेपरनं घासायचं, असा तुमचा नियम होता. कॉलेज संपवून मी तुमच्या हाताखाली आले तेव्हा एका कपाटाचा एक हात न घासताच पुढे गेले होते. तुम्ही दारावरून बोटं फिरवलीत आणि एवढंच म्हणालात, "हे उतरव." दोन दिवस मी ते उतरवत बसले. त्यानंतर तीस वर्षांत एकही हात मी न घासता सोडलेला नाही.

आता माझं युनिट बोम्मसंद्र्याच्या औद्योगिक वसाहतीत आहे. हेब्बाळच्या एका बाईंनी जेवणाचं सागवानी टेबल सांगितलं होतं, आणि फिनिश त्या डब्यातलंच हवं असा त्यांचा आग्रह होता. पहिला हात छान बसला. वाळल्यावर मी पेपर घेतला आणि तुमच्या पद्धतीनं दाबून घासायला लागले. आमच्याकडे पॉलिशचं काम बघणाऱ्या एक बाई आहेत, माझ्याहून वयानं मोठ्या, तरी मला अक्का म्हणतात. त्या शेजारी येऊन उभ्या राहिल्या. "अक्का, स्वल्प निल्ली," जरा थांबा, असं कन्नडमध्ये म्हणाल्या. मी थांबले नाही. मग त्यांनी माझ्या हातातला पेपर उलटा करून दाखवला. त्यावर तपकिरी पूड होती. हा रंग लाकडात फारसा मुरत नाही, वरच्या थरातच राहतो, दाबून घासलं की थराबरोबर निघून जातो. हलका हात फिरवायचा आणि कडांना तर पेपर लावायचाच नाही, असं त्यांनी मला शांतपणे समजावून सांगितलं. मी म्हणाले, आमच्यात असंच घासतात. "सरी अक्का," म्हणून त्या बाजूला झाल्या. दुसरा हात दिला, तोही मी तसाच घासला. चारही कडा फिकट पडल्या. त्यावर पुन्हा रंग लावून पाहिला तर डाग अजूनच उठून दिसायला लागले.

त्याच दिवशी टेबलवाल्या बाई न कळवता बघायला आल्या. कडेवरून बोट फिरवत हे कसं झालं म्हणून विचारू लागल्या. मी म्हणाले, "आमच्या पॉलिशवाल्या बाईंकडून जरा जास्त घासलं गेलं." पॉलिशवाल्या बाई चार पावलांवर ब्रश धूत होत्या. मी कन्नडमध्येच बोलले होते, त्यामुळे त्यांना कळलं नसेल असं म्हणायची सोय नाही. त्यांनी ब्रश धुऊन उलटे टांगले आणि जेवायला गेल्या.

तेव्हाच मला आपल्या दुकानात आलेलं डॉक्टरांचं टेबल आठवलं असं लिहिलं तर ते खोटं होईल. ते दुसऱ्या दिवशी आठवलं. हवा दमट आहे, आज नको असं मी म्हणते आहे, तरी तुम्ही पॉलिशचा हात देता आणि टेबलावर पांढुरकी झाक येते. डॉक्टर विचारतात. माझ्याकडे न बघता तुम्ही म्हणता, "मुलीनं घाई केली." माझ्या हातात पॉलिश लावायचा कापसाचा बोळा आहे. संध्याकाळी तुम्ही तुमचा बुचाचा ठोकळा माझ्या खणात ठेवलात. त्याला पेपर गुंडाळून तुम्ही घासायचात, आणि दुसऱ्या कुणी त्याला हात लावलेला तुम्हाला खपत नसे. त्यावर आपण कधी बोललो नाही. बरीच वर्षं मी ती माफी समजत होते. आता तसं वाटत नाही. मला ती डॉक्टरांसमोर हवी होती.

टेबल आम्ही पुन्हा कोऱ्या लाकडापर्यंत उतरवलं. या वेळी सगळं त्या बाईंनी त्यांच्या पद्धतीनं केलं, मी फक्त धरायला होते. वर शेवटी नुसता बिनरंगी हात दिला. टेबल पोचवायला मी स्वतः हेब्बाळला गेले आणि आधीची चूक माझी होती हे टेबलवाल्या बाईंना सांगितलं. आता छान झालंय ना, एवढंच त्या म्हणाल्या आणि टेबलावर पाण्याचे ग्लास मांडायला लागल्या.

हे कुठे पाठवायचं नाही, म्हणून राहिलेलंही लिहिते. आमच्या बाईंची माफी मी मागितली. पण तेव्हा पलीकडे करवत चालू होती, आणि ती बंद होईपर्यंत मी थांबले नाही.