न थिजलेला चहा

प्रिय वहिनी,

परवा तुमचं वर्षश्राद्ध, आणि मला तुमच्याशी भांडायचं आहे. काल तुमच्या फोटोपुढं उभा राहून सुरुवात केली होती, तर दादानं आतून विचारलं, "कोणासंगं बोलायलास रं?" म्हणून गप्प बसलो. आता लिहून भांडतो. लिहिताना कुणी मधे बोलत नाही. तुम्हीसुद्धा.

वहिनी, रविवारी चहा थिजला!

वाटी थाळीत उपडी केली तर जसाच्या तसा खाली उतरला. तांबूस, काचेसारखा आरपार, कडा एकसारख्या. आणि मी स्वयंपाकघरात खुळ्यासारखा उभा. नेकनूरच्या आसपास कुणाचीही मोटर जळाली तरी लोक माझ्याकडं टाकून निर्धास्त घरी जातात, त्या माणसाला एका वाटीपुढं काही सुचेना. आनंद व्हायला हवा होता ना? झाला नाही. हा आज का थिजला? आणि तुम्ही होतात तेव्हा का थिजत नव्हता?

पहिल्यापासून सांगतो. तुम्हाला सगळं माहीत आहे, तरी सांगतो. मला क्रम लागतो.

तुमच्या पायाची जखम भरत नव्हती. बीडच्या डॉक्टरांनी पट्टी सोडून पाहिलं आणि ते म्हणाले, साखर बंद, नाहीतर बोट काढावं लागेल. तुम्ही शहाण्या पोरीसारखी मान हलवलीत. परतीच्या एसटीत बसल्यावर मात्र म्हणालात, "साखर बंद म्हंजी चहाच बंद की!" तसा तो बंद झाला नाहीच. स्टँडसमोर इतकी वर्षं चहाचं हॉटेल चालवलेली बाई तुम्ही. फिका चहा पुढं केला की कप सरकवून द्यायच्या. "फिका चहा म्या गिऱ्हाइकाला कदी दिला न्हाई. मी कावून पिऊ?" साखरेऐवजीच्या गोळ्या आणल्या, तर पहिला घोट अंगणात थुंकलात. आणि स्वातीची पाठ वळली की डब्यातला गुळाचा खडा तोंडात! तुमची सून आहे ती, तिला कळत नव्हतं असं वाटलं का तुम्हाला?

तेव्हा मी मोबाईलवर चहाची जेली पाहिली. वाटलं, हेच पाहिजे. हा चहा नाहीच म्हटल्यावर वहिनी चहाशी तुलना कशी करतील? बेकरीचं सामान मिळतं त्या बीडच्या दुकानातून ती थिजवायला जिलेटीन आणलं. तांब्याची तार तोलायच्या काट्यावर ते तोललं. काटा आधी पुसून घेतला होता, हे मुद्दाम लिहितो, कारण तुम्ही चारचौघांत उलटं सांगायच्या.

दादा म्हणाला, "हाडाचं असतंय म्हणतेत ते."

तुम्ही फटकन म्हणालात, "मटणाचा रस्सा वरपताना हाडं दिसत न्हाईत व्हय तुमाला?"

कृती मी स्वतः बसवली, कुणाला विचारली नाही. कोरा चहा, दालचिनी, वेलदोडा. कडू होऊ नये म्हणून उकळी येताच खाली. दोनदा गाळलेला. जिलेटीन गार पाण्यात फुगवायचं आणि कडत चहात विरघळवायचं, पण उकळायचं नाही. साखरेचा कणही नाही. मग वाट्या फ्रिजमध्ये.

पहिल्या दिवशी जरा जास्तच घट्ट झाली. तुम्ही वाटी हलवून पाहिलीत. "थरथरायलंय की रं हे! जिवंत हाय का काय?" एक चमचा चावलात आणि वाटी खाली. "चहा चावायचा असतोय व्हय? म्हशीला घाल." माझा चेहरा पडला असणार, कारण मग तुम्ही मऊ आवाजात म्हणालात, "वास न्हाई याला, दिनू. आल्याचा रस घाल वरून. कोमट झाल्यावर घाल, म्हंजी उडत न्हाई."

दुसऱ्या दिवशी मी जिलेटीन कमी केलं आणि कोमट झाल्यावर आल्याचा रस घातला. संध्याकाळी वाटीत नुसतं पाणी!

दुकानात माझा एक नियम आहे. मोटर बिघडली तर एका वेळी एकच गोष्ट बदलायची, मग कळतं दोष कशात होता. त्या दिवशी मी एकदम दोन बदलल्या. का? अजून कळत नाही. तुम्ही सांगितलंत आणि मी केलं, एवढंच आठवतं. आणि दोष जिलेटिनावर ढकलला.

तुम्ही मात्र म्हणालात, "वाया कावून घालवायचा? आण इकडं." वाटी बशीत ओतलीत आणि फुर्रर्र करून प्यायलात. फिका चहा! तोंड वाकडं नाही, तक्रार नाही. बशी खाली ठेवून हसलात, "इंजिनीअर, थिजला न्हाई तुमचा चहा!"

एकटे असलो की मी दिनू, आणि चारचौघांत भाऊजी. इंजिनीअर कधी, तर टोमणा मारायचा असला की. मी कोणत्याही कॉलेजची पायरी न चढता हा धंदा शिकलो याचा मला अभिमान आहे, आणि तो कुठं दुखतो हे तुमच्याइतकं कुणाला माहीत होतं?

मग रोजचंच झालं. मी जिलेटीन वाढवत गेलो. थिजेना. दुसरी पाकिटं आणली. थिजेना. मग संशय फ्रिजवर. दाराचं रबर बदललं, थर्मोस्टॅट उघडून तपासला. तुम्ही शेजारी पाटावर बसून मेथी निवडत होतात. म्हणालात, "भाऊजी, त्या फ्रिजची काय चूक हाय?" आणि पदर तोंडाला लावलात. खोकला आला असेल असं मला वाटलं. हसत होतात का तुम्ही?

स्टँडवर माझी अब्रू गेली. फळवाला सलीम रोज आवाज द्यायचा, "क्या बे दिनकर, चाय जमी क्या?" मी तिकडं न बघता जायचो. आणि दुपारी घरी येऊन चहा उतरवला की तुमचा प्रश्न ठरलेला, "रस घातला न्हवं?" एकदा विसरलो होतो, तर मला चुलीपाशी परत पाठवलंत. आल्याची केवढी आवड, असं वाटून मीच खुश!

रोज संध्याकाळी तुम्ही न थिजलेला चहा बशीतून प्यायलात, वाया जाऊ नये म्हणून. गोड चहा कधी सुटला, कुणाच्या लक्षातही आलं नाही. गुळाचा डबा रिकामा होईना तेव्हा स्वाती चकित झाली. जखम भरली. बोट वाचलं. डॉक्टर म्हणाले, पेशंट समजूतदार आहे. मी म्हणालो, हो का!

त्यानंतर हिवाळ्यात, अंगणात उन्हाला बसून हरभरा सोलता सोलता तुम्ही गेलात. हृदय थांबलं म्हणाले. पायाचा काही संबंध नाही म्हणाले. मांडीवर सोललेले दाणे होते आणि पायाची बोटं उन्हात सगळी नीट होती. ते मला सारखं दिसतं.

आता रविवारचं. दादा म्हणाला, श्राद्धाला तिचा तो चहा पाहिजे. मी एकदा करून बघायला घेतला तेवढ्यात लिंबागणेशहून एक पंप आला. माणूस घाईत, पाणी द्यायचं होतं त्याला. मी स्वातीला म्हणालो, तू तेवढा चहा उकळ, पुढचं मी येऊन करतो. तिनं तुमच्या हातचं बघून शिकल्याप्रमाणं केलं. आलं ठेचून आधी पाण्यात, खळखळ उकळी, मग पावडर. आल्याचा वास आधीच येत होता, म्हणून मी वरून रस घातला नाही. जिलेटीन घातलं, वाट्या फ्रिजमध्ये ठेवल्या.

आणि थिजला.

सोमवारी दुकान उशिरा उघडलं. दोन वाट्या केल्या, सगळं सारखं, फरक फक्त एक. एकीत उकळलेलं आलं, दुसरीत कच्चा रस वरून. पहिली घट्ट. दुसरी पाणी. पुन्हा केलं, पुन्हा तेच. मग मोबाईलवर शोधलं. कच्च्या आल्यात असं काही असतं जे जिलेटिनाला तोडतं, त्याला थिजूच देत नाही. उकळलं की त्याचा जोर जातो.

वाचताना मला तुमचं हॉटेल आठवलं. आई गेल्यावर तुम्ही मला शाळेतून थेट तिथंच बोलवायच्या, जेवायला. एक दिवस मी मोठेपणा करून उकळत्या दुधात आलं किसून टाकलं आणि भांडंभर दूध फाटलं. मी रडकुंडीला आलो. तुम्ही ओरडला नाहीत. म्हणालात, "कच्चं आलं लई वांड असतंय, दिनू. आदी पाण्यात उकळून त्याला शांत करायचं, मग दूध घालायचं. ध्यानात ठेव."

ध्यानात राहिलं नाही. कोऱ्या चहात दूधच नव्हतं, मग फाटणार काय? तिथंच फसलो.

पण वहिनी, तुमच्या ध्यानात होतं का? कच्चं आलं खोडी काढतं हे तुम्हाला माहीत होतं. ते उकळल्याशिवाय तुम्ही जन्मात कधी चहात घातलं नाहीत. मग मलाच वरून कच्चा रस घालायला का सांगितलंत? रोज का आठवण केलीत? थरथरणारी वाटी तुम्हाला नको होती, फिका चहा मागून पिणं तुम्हाला जमणार नव्हतं, पण दिराचा बिघडलेला चहा वाया जाऊ नये म्हणून पिता येत होता. असा हिशेब होता का? की मीच आपला तारा जुळवत बसलोय?

कारण उलटंही खरं वाटतं. जिलेटीन म्हणजे काय हे तुम्हाला कुठं माहीत होतं? तुम्ही त्याला डिंकच म्हणायच्या शेवटपर्यंत. पहिल्या दिवशी आल्याचा रस सुचवलात तो खरंच वासासाठी असेल. मग दुसऱ्या दिवशी वाटीत पाणी पाहून तुम्हाला सगळं उमगलं असेल? की काहीच उमगलं नसेल, आणि तुम्ही फक्त माझा पडलेला चेहरा बघून प्यायलात?

दादाला विचारलं. तो म्हणाला, "आल्याचा वास आवडायचा तिला. तू उगं डोकं लावू नको." सलीमला विचारलं. त्यानं बोरांची टोपली खाली ठेवली आणि कितीतरी वेळ हसला. "अरे दिनकर, भाभी सब जानती थी. तेरे को छोडके सब जानते थे क्या की!" स्वातीला विचारलं, तर तिनं तुमची बशी धुऊन ठेवली.

मोटर उघडली की मला दोष दिसतो. तार कुठं जळाली, कुणी कुठं घाई केली, सगळं दिसतं. तुमच्या बाबतीत सगळं उघडून समोर पसरलंय आणि काहीच दिसत नाही. मी तुम्हाला बरं केलं म्हणून वर्षभर मनातल्या मनात छाती फुगवून फिरलो, वहिनी. आता वाटतं, माझ्या हातानं तुम्हीच स्वतःला बरं केलंत, आणि श्रेय मात्र माझ्या वाटीत ठेवून गेलात. एकदा तरी सांगायचं होतं! फ्रिज उघडून बसलो होतो तेव्हा तरी?

की सांगितलंत, आणि मलाच ऐकू आलं नाही? "त्या फ्रिजची काय चूक हाय?"

आता वचन देतो आणि थांबतो. थिजलेला चहा मला आता येतो, कुणालाही करून दाखवीन, सलीमला तर थाळीत उपडा करून दाखवीन. पण परवा तुमच्यासाठी तो नाही. जिलेटीन तोलून घालीन, कोमट होऊ देईन आणि वरून कच्च्या आल्याचा रस घालीन, जरा जास्तच. जिलेटीन हाडाचं, नैवेद्याच्या ताटात दादा ठेवू देणार नाही, म्हणून तुम्ही बसायच्या तो पाट अंगणात मांडून त्याच्याशी ठेवीन, उन्हात. शेजारी बशी.

थिजणार नाही. याची मी खात्री करून घेईन.

तुमचा,
दिनू
(चारचौघांत, दिनकर भाऊजी)