रडायच्या जागी हसणारी म्हातारी

५ ऑक्टोबर १९२६, ओसाका

उगाकी नावाचा नवा दिग्दर्शक दहा मिनिटांचं चित्र घेऊन आला. कथा नाही, मधे मजकुराच्या पाट्या नाहीत. वाळत घातलेले किमोनो, मुळे धुणारे हात, उतारावरून गडगडणारी लाकडी बादली — संपलं! वर मला म्हणतो, "मास्तर, याच्यावर बोलू नका." मी बेन्शी. पडद्याशेजारी उभं राहून मुक्या चित्राला बोलतं करणं हेच माझं पोट. बाहेर निशाणावर माझं नाव चित्राच्या नावापेक्षा मोठं आहे, ते काय उगाच?

थिएटरचे मालक हिगाशिदे म्हणाले, "रविवारपर्यंत बघू. तुमच्यावाचून चाललं, तर तुमचा खर्च कशाला?" उद्या बोलणारच!

६ ऑक्टोबर

बोललो! किमोनो म्हणजे जीव दिलेली सून, हात पस्तावलेल्या सासूचे, बादली म्हणजे नियती. अख्खं थिएटर मुसमुसत होतं. उगाकी उठून बाहेर गेला. फक्त पहिल्या रांगेतली एक म्हातारी बादली आली की खो खो हसली. माझ्या शोकांतिकेला!

७ ऑक्टोबर

परत तीच. परत हसली.

८ ऑक्टोबर

आज सुनेला तान्हं मूल दिलं. तेही मारलं. बायकांचे रुमाल भिजले, म्हातारी मांडीवर थापा मारतेय. घरी बायको म्हणाली, "अहो, एका म्हातारीपायी किती जणांना माराल? कच्ची अंडी संपत आली." घशासाठी खातो मी ती. हिला काय कळणार.

९ ऑक्टोबर

मध्यंतरात सरळ म्हातारीपुढे जाऊन उभा राहिलो. "आजी, एवढं हसू कसलं येतं?" ती माझ्या ओठांकडे बघत राहिली. मग कंबरपट्ट्यातून तांदळाची खारी पापडी काढून माझ्या हातावर ठेवली.

उगाकी धावत आला. "मास्तर, रागावू नका. आई आहे माझी. जन्मापासून ऐकू येत नाही तिला. थिएटरात ती कायम शेजाऱ्यांची तोंडं बघून हसायची, रडायची. तिला तिचं तिलाच कळावं म्हणून हे चित्र केलं."

 मी पापडी खाल्ली.

१० ऑक्टोबर, रविवार

पडद्याशेजारी नुसता उभा राहिलो. लोक ओरडले, "बेन्शी मेला काय रे?" मग बादली आली. काय वेड्यासारखी गडगडते ती! म्हातारी हसली, मी हसलो, मग सगळेच.

मालक म्हणाले, "घसा बसला वाटतं? पण चाललं की चित्र तुमच्यावाचून." म्हटलं, हो, बसला.

घसा ठणठणीत आहे.