पडद्याआडचा घास

२ मार्च, सोनाळा

पोचले एकदाची. वाटेत पळस फुललेला, आणि विजेच्या तारेवर शेपटी वरखाली करत बसलेली कापशी घार. धावत्या बसमधून ओळखली आणि मनातल्या मनात बाबांना सांगितली.

केंद्र गावाबाहेर, सातपुड्याच्या पायथ्याशी आहे. दोन खोल्या, पडवी आणि मागे पिंजऱ्यांची शेड. जखमी शिकारी पक्षी इथे बरे करून सोडतात. सध्या एकच पाहुणा आहे, मोरघारीचं, म्हणजे तुरेवाल्या गरुडाचं पिल्लू. महिन्यापूर्वीच्या गारपिटीत त्याचं घरटं कोसळलं. अंगावर अजून पांढरी लव, तिच्यातून डोकावणारी तपकिरी पिसं आणि डोळे मात्र एखाद्या रागीट हेडमास्तरांचे.

केंद्र शरच्चंद्र सरांचं. ते खामगावला असतात, अधूनमधून येतात. त्यांनी कामाची रीत समजावली. पिल्लाला माणसाचा चेहरा दिसता कामा नये, आवाज ऐकू येता कामा नये. जो घास देतो त्याला ते आई मानतं, आणि माणसाला आई मानलेला पक्षी जन्मभर पिंजऱ्यात राहतो. म्हणून पिंजऱ्यासमोर जाड पडदा आहे. पडद्याला फट आहे. हातात मोज्यासारखी कापडी मोरघार चढवायची आणि फटीतून तिच्या चोचीने घास द्यायचा. पिसं पुरी आली की पिल्लाला नाल्याकाठच्या अर्जुनाच्या झाडावर बांधलेल्या टोपलीत ठेवायचं. त्याचे खरे आईबाप अजून तिथे येऊन बसतात.

एवढं एक माझ्या हातून नीट व्हावं.

४ मार्च

गोजरबाई स्वयंपाकाला येतात. गळ्यात तुळशीची माळ. मांसाला शिवत नाहीत, शेडकडे फिरकतही नाहीत. मी तोंड बांधून, श्वास आवरून पिल्लाला चारते याचं त्यांना हसू येतं. म्हणाल्या, लेकराले चारताना कोनी असं मुकं राह्यते का, लेकरूच मुकं होईन ना बाई. आणि ठेच्याची वाटी माझ्यापुढे सरकवली. पाणी पुढे येईपर्यंत माझ्या डोळ्यांतून पाणी आलं.

माझ्याआधी इथे त्यांचीच लेक होती, जयमाला. कापडी मोरघार तिने आपल्या तपकिरी लुगड्यातून शिवली. टोपलीही तिनेच बांधली. बांधून उतरताना फांदी मोडली आणि ती गेली. तिला स्वतःचं मूल नव्हतं. अंगावरच्या हिरव्या बांगड्यांसकट तिला नेलं, असं गोजरबाई भाकरी थापता थापता म्हणाल्या. हात थांबला नाही.

५ मार्च

आई गेली तेव्हा मी फार लहान होते. मला शाळेत सोडायचा बाबांना धीर झाला नाही. त्यांनी बरीच वर्षं घरीच शिकवलं. भिंतीवर हातांच्या सावल्या पाडून ससाण्याचे टोकदार पंख, शिक्र्याचे आखूड गोल पंख. नियम एकच होता. जे पाहिलं ते एका ओळीत लिही, जे वाटलं ते दुसऱ्या. त्यांना सगळं जमलं, घास भरवणं तेवढं जमलं नाही. ताट पुढे ठेवून ते खिडकीबाहेर बघत.

पिल्लाने आज माझ्या हातून पोटभर खाल्लं. माझ्या नव्हे, तिच्या. कापडी आईच्या.

८ मार्च

पाहिलं: सकाळी पहिला घास द्यायला गेले तर पिल्लाच्या गळ्याखालची पिशवी आधीच फुगलेली. चोचीला ताजं रक्त. फ्रीजमधलं मांस जसंच्या तसं.

वाटलं: कोणीतरी येऊन चारतंय. उघड्या हाताने चारत असेल तर सगळं फुकट. पिल्लू कायमचं पिंजऱ्यात.

गोजरबाईंना विचारलं. त्यांनी माळेला हात लावून सांगितलं, म्या नाही बाई. मग जरा वेळाने, इकडेतिकडे बघत, मले काऊन इचारतं, त्या पिल्लालेच इचार, म्हणाल्या.

१० मार्च

आजही तेच. शेडला कुलूप होतं, किल्ली माझ्या उशाशी. पिल्लू पडद्याच्या फटीकडे तोंड करून पंख थरथरवत होतं. फटीत कोणी नव्हतं.

मुंगूस किंवा रानमांजर येत असेल तर पावलं उमटावीत म्हणून चुलीतली राख चाळून पडद्यापुढे पसरली. ठसे घ्यायची ही साधी रीत. गोजरबाई दारात उभ्या राहून बघत होत्या. त्यांचा चेहरा पार उतरला. जयमालाच्या तेरवीला त्यांनीही दिव्याखाली अशीच राख पसरली होती. माणूस पुढे कोणत्या जन्माला गेलं ते सकाळी राखेतल्या पावलांवरून कळतं. पाखराचं पाऊल, गाईचं, लेकराचं. त्यांच्या राखेत काहीच उमटलं नाही. कुठीच गेली नाही माही पोरगी, म्हणाल्या.

मला हे आधी माहीत असतं तर राख पसरली नसती.

११ मार्च

पाहिलं: राखेत एकही पाऊल नाही. पडद्याजवळ वाटोळे वळ, एकात एक. जमिनीवर हात टेकून वाकलेल्या बाईच्या बांगड्यांचे असावेत तसे.

मी बांगड्या घालत नाही. वाजतात म्हणून.

गोजरबाईंनी त्या वळांवर ओंजळ धरली, पणती झाकावी तशी. मग माझे पाय धरायला आल्या. पिल्लू सोडू नको म्हणाल्या. ते हाये तोवर माही लेक येते. ते गेलं का तिले कशाले यायचं राह्यलं?

इथे राहिलं तर ते कधीच उडणार नाही, एवढंच सांगितलं. हाव, मले समजते ना, म्हणाल्या, आणि रडत राहिल्या.

१५ मार्च

सर येऊन गेले. पिसं पुरी आलीत. परवा झाडावर ठेवायचं. बांगड्यांचं सांगितलं नाही. ते वाटलेल्या ओळीत बसत नाही, पाहिलेल्या ओळीत लिहिलं खरं, पण मोठ्याने सांगायची भीती वाटते.

१७ मार्च

सरांनी दोर बांधून पिल्लू वर नेलं. मी खाली. मादी समोरच्या फांदीवर आली, तुरा उभा करून बराच वेळ नुसती बघत राहिली. मग उडाली आणि सरडा घेऊन आली. पिल्लाने तोंड उघडलं.

मी नाल्यात बसून रडले. जमलं, बाबा.

परत आले तर गोजरबाई शेडमध्ये रिकाम्या पिंजऱ्यापुढे बसलेल्या. भाकरी मात्र रोजच्यासारखी केली.

१९ मार्च

शेडमधून काचेच्या बांगड्यांचा आवाज. दिवसाढवळ्या. रिकाम्या पिंजऱ्याच्या जाळीला मांसाचे तुकडे अडकलेले. जाळी धुतली. परत अडकलेले—

खुंटीवर कापडी मोरघार नाही.

२१ मार्च

उठले तेव्हा पोट भरलेलं. तोंडाला खारट चव. काल दुपारपासून काही खाल्लं नाही, नक्की नाही.

उशीवर तपकिरी धागा.

२२ मार्च

सरांना फोन केला. आवाज फुटला नाही. पिल्लासमोर गप्प राहून राहून—

उद्याच्या बसने जायचं. पिशवी भरली.

२३ मार्च

बस गेली. दाराला बाहेरून कडी.

गोजरबाईंनी माझ्या दाराशेजारच्या गजांच्या खिडकीला शेडमधला पडदा लावलाय. फट बरोबर माझ्या तोंडासमोर. बाहेरून म्हणतात, माह्यावर रागावू नको पोरी. तुले बी माय नाही न तिले बी लेकरू नाही. तू राय. तू राह्यली का माही लेक येते.

रडत होत्या. खरंच रडत होत्या.

२४ मार्च, पहाट

दूर अर्जुनावर मोरघार ओरडतेय. दोन आवाज. एक मोठा, एक नवा. उडालं असेल.

पाहिलं: पडदा हलला.

पाहिलं: चोच. कापडाची. मागे हिरव्या—

वाटलं: कोणी कधी मला असं—

भूक लागली आहे. किती हळू पुढे येते ती, मी घाबरू नये म्हणून. मी तोंड