चोवीस दिवसांची गैरहजेरी

१२ जून

ती. ताईस,
शि. सा. न. वि. वि.

तुझं गुडघ्याचं पुराण मिळालं. जिने चढू नकोस, हे बहीण नाही, नर्स सांगते आहे.

माझी वरच्या वेतनश्रेणीची फाईल पुन्हा परत आली. कायम होण्याआधीची सहा वर्षांची तात्पुरती नोकरी धरली तरच ती मिळेल, आणि निवृत्तीला उरलेत जेमतेम तीन महिने. क्लार्क म्हणतो, दर तीन महिन्यांनी तुम्हाला एक दिवस कामावरून कमी केलं होतं, म्हणून सेवा सलग नाही. त्या दिवशीही काम केल्याचा पुरावा आणा.

पुरावा कुठून आणू? त्या प्रत्येक दिवशी मी आपल्याच बाळंतपणाच्या वॉर्डात होते, पण तुझ्या जागी, मस्टरवर तुझी सही ठोकून. अंथरुणावरच्या आईला आंघोळ तुझ्याच हातची लागायची, म्हणून निदान त्या दिवशी तरी तू घरी. मी क्लार्कला सांगितलं, पुरावा नाही, राहू दे. वाईट मात्र फार वाटतं.

लोभ गुडघ्यावरही असू दे.
तुझी,
धाकटी

२० जून

चि. धाकटीस,
अनेक उत्तम आशीर्वाद.

मला न विचारता ‘राहू दे’ म्हणणारी तू कोण? काल दोन जिने चढून तुझ्या त्या क्लार्कपुढे जाऊन बसले. जुनी मस्टरं काढायला लावली. माझं नाव मी लिहिते तेव्हा उजवीकडे कलतं, तू लिहितेस तेव्हा ताठ उभं राहतं. तशा चोवीस सह्या निघाल्या. त्या दिवशी मी नव्हते, माझी बहीण होती, असं लिहून दिलं. आपल्या म्हाताऱ्या हेडसिस्टरनेही लिहून दिलं. तिला म्हणे पहिल्या दिवसापासून माहीत होतं, आणि आपण स्वतःला फार हुशार समजत होतो.

गुडघा सुजला आहे. ओरडू नकोस.
तुझी,
ताई

२७ जून

ती. ताईस,
शि. सा. न. वि. वि.

हे काय करून बसलीस? तू निवृत्त झालीस, पेन्शन सुखाने चालू आहे, आणि आता आपल्याच हाताने गैरहजेरी लिहून दिलीस. ते तुझ्या पेन्शनची फाईल पुन्हा उघडतील. जबाब मागे घे. मला श्रेणी नको. मी रागावले आहे, आणि रडलेही आहे.

लोभाचं नंतर बघू. आधी उत्तर पाठव.
धाकटी

२ सप्टेंबर

चि. धाकटीस,
अनेक उत्तम आशीर्वाद.

तुझी ऑर्डर मिळालीच असेल. सहा वर्षं धरली, श्रेणी लागली. माझीही आली. चोवीस दिवस सेवेतून वजा, पेन्शन थोडी खाली. खाणारं तोंड एकच आहे, भागेल.

क्लार्कने गैरहजेरीचं कारण विचारलं. मी सांगितलं. तो म्हणाला, नुसतं ‘घरगुती’ लिहितो. मी म्हटलं, पूर्ण लिहा, मी थांबते. त्याने लिहिलं: आईची शुश्रूषा.

आई गेली तेव्हा मी पाळीवर होते, तुला ठाऊक आहे. दुसऱ्यांच्या बाळंतिणी सांभाळल्या आणि आईजवळ कधी नव्हतेच, हे इतकी वर्षं मनात सलत होतं. कुणाला बोलले नाही. आता शिक्का मारलेला कागद माझ्या उशाशी आहे. चोवीस दिवस मी कामावर नव्हते. मी तिच्याजवळ होते.

निवृत्त झालीस की ये. लोभ समोर बसून बोलू.
तुझी,
ताई