शिंक कुणाची?

प्रिय धाकट्या,

'प्रिय' लिहिलंय ते हाताच्या सवयीनं. त्याचा भलता अर्थ काढू नकोस. अर्थ काढण्यात तू किती तरबेज आहेस, ते आता सगळ्यांना कळलंय.

तुझे भावोजी अजून कोठडीतच आहेत. काल भेटू दिलं. चष्मा काढून घेतलाय, माणूस चाचपडत बाकावर बसतो. तरी मलाच विचारत होते, तालमी थांबल्या नाहीत ना म्हणून. मी नाही म्हटलं. खोटं बोलले. तालमीच्या खोलीला सील आहे आणि आपली नटमंडळी मला पाहिलं की रस्ता ओलांडून पलीकडे जातात.

ज्या नाटकापायी ते आत आहेत, ते त्यांनी आपल्या स्वयंपाकघरात लिहिलं, तेव्हा तू ओट्यावर पाय हलवत बसला होतास. साहेब शिंकले की कारकून परिपत्रक काढतात, पुन्हा शिंकले की कायदा होतो, आणि साहेबांना पडसं होतं तेव्हा अर्धं गाव तुरुंगात जातं. तो साहेब तूच करायचास. लोक पोट धरधरून हसायचे. पुढे तुला नाटकांच्या परीक्षण मंडळात नोकरी लागली, तेव्हा आम्हाला बरंच वाटलं. घरात एक तरी पगार वेळेवर येईल, असं आई म्हणाली.

मंडळानं संहिता वाचून मंजुरीचा शिक्का मारला होता. तुझ्या वरिष्ठांना ते नाटक आरोग्याविषयी वाटलं म्हणे! त्यांच्या डोक्यात प्रकाश पाडलास तू. शिंकण्याआधी नाक वर करून डोळे मिटायची लकब थेट सर्वोच्च नेत्यांची आहे, हे तू गुप्त अहवालात समजावून दिलंस. आणि नंतर दारात उभा राहून म्हणालास, "ताई, माझा नाइलाज होता." नाइलाज झालेल्या माणसाला बढती मिळत नाही रे.

सोमवारी सुनावणी आहे. साक्षीदार तू. अहवाल गुप्त असला तरी कोर्टात तोंडानं सांगावं लागतं. आमचे वकील तुला एकच प्रश्न विचारणार आहेत: ही शिंक कुणाची? कुणाचीच नाही म्हणालास, तर भावोजी सुटतील. नेत्यांची म्हणालास, तर भरकोर्टात त्यांची टिंगल केली म्हणून त्याच कलमाखाली तूही आत जाशील. हे मी तुला कळवणार नव्हते. तू तोंडघशी पडावंस असंच मला वाटत होतं, अजूनही वाटतंय. पण आईनं अन्न टाकलंय. म्हणते, "जावई आत आहे तेवढं पुरे. धाकटाही माझाच आहे." म्हणून लिहिलं. माफ केलेलं नाही.

आईच्या शब्दाखातर तुझीच,
ताई