कनुभाईंच्या बाजूचा जिना

२ डिसेंबर, मंगळवार
घर बांधायच्या परवानगीची रजाचिठ्ठी हातात पडून जेमतेम पंधरवडा झाला, तोच कोर्टाची नोटीस. बांधकाम थांबवा. दावा कोणाचा? आमच्या प्लॉटला लागून बंगला असलेल्या कनुभाईंचा! दर उत्तरायणाला, म्हणजे संक्रांतीला, ज्यांच्या धाब्यावर, गच्चीवर, आम्ही दिवसभर पतंग उडवतो, तेच कनुभाई. म्हणे त्यांच्या बाजूला नियमाप्रमाणे मोकळी जागा सोडलेली नाही. सोडली आहे! नकाशात ढळढळीत दिसते.

प्लॉट केवढा, तर माझ्या शाळेतले दोन वर्ग बसतील एवढा. मार्चअखेर पाया घातला नाही तर परवानगी रद्द, पुन्हा म.न.पा.ची रांग. मकरपुऱ्याच्या कंपनीतून हे निवृत्त झाले, तरी आम्ही भाड्याच्याच घरात. आता नाही तर कधी?

संताप संताप झालाय.

३ डिसेंबर
सकाळी तडक कनुभाईंकडे. झोपाळ्यावर बसले होते, मला बघून उभेच राहिले. विचारलं, का हो असं? तर फरशीकडे बघत, "बेन, वकील बोलशे." आणि आत बायकोला, हंसाबेनना, हाक, "चा मूको!" चहा प्यायले. आलं छान होतं. राग तसाच.

१२ डिसेंबर
पहिली तारीख. कोर्टात ते त्या बाकावर, आम्ही या बाकावर. दुपारी हंसाबेन माझ्याकडे येऊन बसल्या आणि थेपल्यांचा डबा उघडला. आमचे वकील घसा खाकरत होते. खाकरू देत.

जागा बघायला कोर्टाचा माणूस येणार.

२८ डिसेंबर, रविवार
उद्या तो माणूस येणार म्हणून ह्यांची धावपळ. घर किती उंच जाईल ते दिसावं म्हणून प्लॉटवर बांबू रोवले. कनुभाईंच्या बाजूच्या कोपऱ्यात गच्चीवरची जिन्याची खोली येणार, तिथे सगळ्यात उंच चार बांबू, त्यांना माझ्या जुन्या चादरी गुंडाळल्या. निळी फुलाफुलांची लग्नातली आहे. म्हटलं, ती तरी नका. पण चढलीच.

खाली उभी राहून बघत होते. घर दिसायला लागलं हो! चादरींचं का होईना. ह्यांच्यासमोर डोळ्यांत पाणी आलं, लपवलं नाही.

जिना त्या कोपऱ्यात घ्यायचा हट्ट माझा. पावलं मोजून आर्किटेक्टला सांगितलं होतं, दार उघडलं की समोर कनुभाईंचं धाबं हवं. उत्तरायणाला तिळाचे लाडू घेऊन पटकन जाता यावं. आणि त्याच माणसाने दावा ठोकला!

१० जानेवारी
कोर्टाचा माणूस जागा बघून गेला, पुढची तारीख १९ला. आज कनुभाईंचा निरोप. उत्तरायणाला यायचं. हे म्हणाले, जायचं कसं? मी म्हटलं, पायऱ्या चढून.

१४ जानेवारी, उत्तरायण
मांज्याने हात कापलेत, पेन धरवत नाही, तरी लिहिणारच.

सकाळी धाबं भरलेलं. कनुभाई दारातच म्हणाले, "बेन, कोर्ट कोर्टनी जग्याए, ऊंधियुं ऊंधियानी जग्याए." माझी फिरकी यंदाही हंसाबेनच्या हातात. सगळ्या सोसायटीचे पतंग वर, आणि कनुभाईंच्या धाब्यावरून एकही चढेना. जरा उचलतो आणि खाली गोता. वारा आज उत्तरेचा, म्हणजे आमच्या प्लॉटवरूनच येणारा. आणि मधे... चादरी! बांबू काढायचे राहिले होते. माझा पतंग वाऱ्याच्या भोवऱ्यात उलटा फिरला, तो थेट निळ्या फुलांत अडकला.

मी वर बघितलं, मग कनुभाईंकडे बघितलं.

"हवे समजायुं, बेन?"

नकाशा पाहिला तेव्हाच त्यांच्या लक्षात आलं होतं. चादरीच्या जागी भिंत आली की उत्तरायण संपलं. "पण कोर्टात काय सांगू? मारे पतंग चगाववी छे? मला पतंग उडवायचाय?" त्यांचे वकील म्हणाले, कायद्यात पतंगाचं कलम नाही, मोकळ्या जागेचं आहे. म्हणून ते घातलं. मला सांगायची लाज वाटली म्हणे. या वयात पतंगासाठी भांडतो म्हणून हसाल.

हसलेच! पोट धरून हसले. ते त्याच वाऱ्यासाठी कोर्टात गेले, आणि मी त्याच धाब्यावर लवकर पोहोचायला जिना तिथे आणला. दोघंही सारखेच खुळे.

ह्यांनी जाऊन चादरी उतरवल्या. पुढच्या पाच मिनिटांत मी दोन काटले. "काइपो छे!" घसा बसलाय.

१५ जानेवारी, वासी उत्तरायण
जिना दुसऱ्या टोकाला न्यायचा. स्वयंपाकघर लहान होईल. होऊ दे. मधल्या कठड्यापाशी बसायला कट्टा, त्यांच्या बाजूलाही तसाच. कनुभाई दावा मागे घेणार.

१९ जानेवारी, सोमवार
कनुभाईंनी कोर्टात खरंच उभं राहून सांगितलं, तक्रार नाही. संपलं असं वाटलं. तर दाव्यात म.न.पा.लाही ओढलेलं, त्यांचे वकील उठले. मुद्दा निघालाच आहे, तर मोकळी जागा आम्ही मोजणार. शिवाय नकाशा बदलला, म्हणजे रजाचिठ्ठी नव्याने. मार्चअखेर तर तशीच उभी आहे. पुढची तारीख फेब्रुवारीत.

बाहेर कनुभाईंनी दोन्ही कान धरले. "मारी ज भूल, बेन." एवढा मोठा माणूस, भर रस्त्यात. मी सेव उसळ खायला नेलं सगळ्यांना. जागा सोडली आहे आम्ही. पण टेप म.न.पा.ची, आणि मापायला कोण येतो त्यावर...

निघताना हंसाबेननी हातात काहीतरी कोंबलं. त्यांच्या धाब्याच्या दाराची चावी. "तमारुं धाबुं थाय त्यां सुधी." आमचं धाबं होईपर्यंत.

भाड्याच्या घरात खिळ्याला लावली आहे. जाता येता दिसते. घराचं काय होईल ते होवो, चावी तर आली.